केडगाव ते चिले: मिशनचा रस्ता एकेरी होता कधी?

वाटसरू_दौंड

दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम काठावर चिले नावाचा लांबलचक देश आहे. तिथल्या पेंटेकोस्टल (पवित्र आत्म्याच्या थेट अनुभवावर भर देणाऱ्या) चर्चचा इतिहास वाचायला घेतला की सुरुवातीलाच दौंड तालुक्यातलं केडगाव भेटतं. (नगरजवळचं केडगाव नव्हे. पुणे-दौंड लोहमार्गावरचं, पंडिता रमाबाईंचं.)

गोष्ट अशी. 1896-97 च्या दुष्काळात रमाबाई मध्य प्रांतात गेल्या आणि उपासमारीने खंगलेल्या शेकडो मुली, बायका घेऊन आल्या. त्यांच्यासाठी केडगावच्या माळावर मुक्ती सदन उभं राहिलं. 1905 च्या सुरुवातीला बातमी आली की वेल्समध्ये आणि पाठोपाठ खासी टेकड्यांवरच्या वेल्श मिशनमध्ये मोठं 'संजीवन', म्हणजे श्रद्धेची लाट, सुरू झालंय. रमाबाईंनी रोज प्रार्थनेला बसणाऱ्या मुलींचा एक गट केला. जूनअखेरीस तिथेही ते लोण पोचलं. शेकडो मुली एकाच वेळी मोठ्याने प्रार्थना करताहेत, रडताहेत, पापं कबूल करताहेत, वर्ग बंद पडलेत, असं वर्णन आहे.

मिनी अब्राम्स या अमेरिकन मेथडिस्ट बाई तेव्हा मुक्तीत काम करत होत्या. त्यांनी सांगितलेला पहिल्या रात्रीचा प्रसंग मला फार आवडतो. पहाटे साडेतीनच्या सुमाराला एका मुलीच्या अंगावर दुसरीला जाळ दिसला. ही उठली, खोलीच्या दुसऱ्या टोकाला धावली, पाण्याची बादली उचलली आणि आता ओतणार, तेवढ्यात तिच्या ध्यानात आलं की मुलगी काही पेटलेली नाही. अध्यात्म वगैरे नंतर, आधी बादली. दुष्काळातून वाचलेल्या पोरीच त्या.

याच अनुभवावर अब्राम्सबाईंनी 1906 साली एक पुस्तिका लिहिली. शिकागोच्या प्रशिक्षण शाळेतली त्यांची जुनी मैत्रीण चिलेत वालपराइसोला होती, मिशनरी हूवर यांची बायको. पुस्तिका तिला पाठवली. हूवर दांपत्याने ती वाचली, पत्रापत्री झाली, आणि 1909 साली वालपराइसोच्या मेथडिस्ट चर्चमध्ये तेच सुरू झालं. वरिष्ठांना ते रुचलं नाही, फूट पडली, आणि त्यातून चिलेची स्वतंत्र पेंटेकोस्टल चळवळ उभी राहिली. पेंटेकोस्टल इतिहासाची सुरुवात सहसा लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटपासून, म्हणजे एप्रिल 1906 पासून सांगतात. केडगाव त्याच्या जवळजवळ वर्षभर आधीचं.

हे सांगायचं कारण एवढंच, की मिशन म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे एकच चित्र येतं: गोरा साहेब बोटीतून उतरतो, इथला माणूस ऐकून घेतो. आणि आता 'जागतिकीकरणानंतर मिशन बदललं, कोरियाचे मिशनरी निघाले, आफ्रिकेचे पाद्री युरोपात गेले' असं नवलाईने लिहिलं जातं. मला वाटतं, पैसा, माणसं, कल्पना तेव्हाही चहूकडून चहूकडे जात होत्या. पैसा कुठून आला यापेक्षा निर्णय कोणाच्या हातात होता, हे बघायला हवं. रमाबाईंनी निर्णय दुसऱ्याच्या हातात कधीच जाऊ दिला नाही.

तुमच्याकडची उदाहरणं, अनुभव लिहा. भांडायचं असेल तर तेही चालेल, फक्त धागा उडेल असं भांडू नका.

---

चहाबाज

रोचक! पण एक पुस्तिका वाचली आणि चळवळ उभी राहिली, हे जरा 'सांगोवांगी' वाटतं. चिलेत स्थानिक कारणं असणारच की.

---

वाटसरू_दौंड

असणारच. खाणींत, बंदरांवर राबणारा गरीब माणूस, कॅथलिक चर्च वरच्या वर्गाचं, मेथडिस्ट मिशनचे कारभारी अमेरिकन. सरपण वाळलेलं होतंच. केडगावने काडी दिली एवढंच माझं म्हणणं. हूवर यांनी स्वतः त्या पुस्तिकेचा उल्लेख केलेला आहे, त्यामुळे सांगोवांगी नाही.

---

रोखठोक_काका

काडीच दिली म्हणा! उपाशी पोरी आणायच्या, त्यांच्या पोटात अन्न घालायचं आणि काही वर्षांनी 'आत्मा उतरला' म्हणून जगभर पत्रकं वाटायची. यात निर्णय रमाबाईंचा होता हे मान्य. त्या मुलींचा कुठे होता? आणि 1893 चं शारदा सदन प्रकरण सोयीस्करपणे वगळलंत. रमाबाईंच्या त्या विधवांच्या शाळेत मुलींना ख्रिस्ती धर्माकडे वळवलं जातंय, असा आरोप होता. रानडे, भांडारकर यांच्यासारखे सुधारक सल्लागार मंडळातून उगाच बाहेर पडले नाहीत. केसरीने तेव्हा जे लिहिलं ते सगळंच चूक नव्हतं.

---

वाटसरू_दौंड

काका, मुलींबद्दलचा तुमचा प्रश्न रास्त आहे आणि त्याला माझ्याकडे गोड उत्तर नाही. ज्याच्या हातात भाकरी असते त्याच्या शब्दाला वजन येतं. बाईंचे स्वतःचे आई, वडील, थोरली बहीण दुष्काळात काही महिन्यांच्या अंतराने गेले होते, भावाबरोबर अन्नावाचून त्या देशभर पायी फिरल्या होत्या. दुष्काळात त्या का धावल्या हे त्यावरून कळतं. तुमचा प्रश्न मात्र त्याने सुटत नाही.

1893 बद्दल एक गोष्ट मात्र लोकांच्या लक्षात राहत नाही. शारदा सदनाचा पैसा बोस्टनच्या रमाबाई असोसिएशनचा होता, दहा वर्षांच्या बोलीवर. त्या असोसिएशनचे अध्यक्ष युनिटेरियन पंथाचे धर्मोपदेशक एडवर्ड एव्हरेट हेल. आणि त्या मंडळींचं धोरण असं की संस्था कुठल्याही पंथाची नको, विधवांना आपापला धर्म पाळायची मोकळीक हवी. म्हणजे परदेशी पैसा 'प्रचार करू नका' म्हणत होता आणि इथली बाई म्हणत होती, माझ्या खोलीत मी प्रार्थना करते, दार उघडं असतं, कोणी येऊन बसलं तर हाकलणार नाही. वाद दाराचा होता! दहा वर्षं संपल्यावर, केडगावात, त्यांनी उघडपणे ख्रिस्ती संस्था चालवली. तुम्हाला हे पटणार नाही, पण 'परदेशातून हुकूम आला आणि इथे धर्मांतर झालं' या ठरलेल्या गोष्टीत हे प्रकरण बसत नाही.

---

सांजवेळ

वाचतेय. यात भर: इंग्लंडमध्येही त्यांनी कुणाचं ऐकलं नाही. 1883 साली वाँटेजला अँग्लिकन भगिनींच्या मठात राहून बाप्तिस्मा घेतला, पण त्रैक्याच्या (पिता, पुत्र, पवित्र आत्मा मिळून एकच देव) सिद्धांतावरून, बिशपच्या अधिकारावरून तिथल्याच सिस्टर जेराल्डीनशी पत्रांतून कडाक्याचा वाद घातला. सूर असा, की आताच कुठे एका पुरोहितशाहीचं जोखड उतरवलंय, दुसरं मानेवर घ्यायला मी तयार नाही. क्रुसावर लॅटिन अक्षरं का, संस्कृत का नकोत, हेही विचारलं. मांसाहार शेवटपर्यंत नाही. बिचाऱ्या सिस्टरबाईंची मला कधीकधी दया येते.

---

नगरी

धागा चांगला आहे, पण तुमची सगळी चर्चा उच्चवर्णीय धर्मांतरितांभोवती फिरतेय. रमाबाई, फार तर कवी रेव्हरंड टिळक, झालं. आमच्या नगर जिल्ह्यात ख्रिस्ती झाले ते बहुसंख्य महार, मांग. अमेरिकन मराठी मिशन मुंबईत 1813 ला आलं, नगरला 1831 ला. शहरात ब्राह्मणांशी वाद घालण्यात त्यांची कितीतरी वर्षं गेली, हाताशी मोजकी माणसं लागली. खेड्यांतली माणसं आली ती मिशनने आखलेल्या योजनेमुळे नव्हे. एका वाडीतला एक जण शाळेत गेला, त्याच्या मागोमाग त्याचे पाहुणे, पाहुण्यांचे पाहुणे. म्हणजे तिथेही प्रचार केला तो आमच्याच माणसांनी, सोयरिकीच्या वाटेने. त्यांची नावं कुठल्या ज्ञानकोशात नाहीत.

माझ्या आज्याचे वडील पंतोजी होते. मिशनच्या पगारावर दोन-तीन वाड्यांवर शाळा घ्यायची, रविवारी उपासना चालवायची. साहेब वर्षाकाठी तंबू घेऊन येणार, हजेरीपट बघणार. आज्या सांगायचा की साहेबाला बसायला खुर्ची नसायची, म्हणून शाळेचं ब्लॅकबोर्ड आडवं टाकून त्यावर घोंगडी अंथरायचे. आणि वाडीतल्या वरच्या आळीचा माणूस शाळेत यायचा तो दाराबाहेर उभा राहून बोलायचा, आत साहेब असला तरी.

आता निर्णय कोणाच्या हातात, हा तुमचा प्रश्न. 1950 चा राष्ट्रपतींचा आदेश घ्या. अनुसूचित जातींच्या सवलती आधी फक्त हिंदूंना, 1956 ला शिखांना, 1990 ला बौद्धांना. ख्रिस्ती झालेला तसाच बाहेर. गावात जात विचारली की साळवे, गायकवाड, शिंदे या आडनावांवरून सगळ्यांना कळते, फक्त सरकारला कळत नाही. जागतिकीकरण, मिशन वगैरे ठीक आहे. आमच्या पोरांच्या दाखल्यावर काय लिहायचं, यावर घरात भांडणं होतात.

---

चहाबाज

+१ नगरी. ब्लॅकबोर्डवर घोंगडी! अशा गोष्टी लिहून ठेवा हो कुठेतरी.

---

वाटसरू_दौंड

नगरी, मान्य. माझ्या लेखात ही बाजू यायला हवी होती. टिळकांबद्दल तुम्ही 'झालं' म्हणून पुढे गेलात, पण मला ते तुमच्या मुद्द्याच्या जवळचे वाटतात. रेव्हरंड ना. वा. टिळक 1895 ला ख्रिस्ती झाले, वीसेक वर्षं नगरला मिशनचं काम केलं, आणि 1917 ला मिशनचा पगार सोडून साताऱ्याला 'देवाचा दरबार' काढला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले असे दोघांनाही तिथे जागा. दोन वर्षांत ते वारले, दरबार फार टिकला नाही. पण पगार सोडल्याशिवाय आपल्या मनासारखं काही करता येणार नाही, हे त्यांना कळलं होतं.

---

कादोडी_बोल

मी मूळचा वसईचा, सध्या श्टुटगार्टला. आमचा इतिहास नगरसारखा नाही. आम्ही पोर्तुगीजांच्या काळातले, त्यामुळे 'मिशन' हा शब्दच घरात नसायचा. चर्च होतं, शेती होती, केळी होती, कादोडी बोली होती. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर लॅटिन जाऊन मिस्सा (चर्चमधली उपासना) मराठीत आली आणि आमच्या फादर मंडळींनी ती मराठी अशी काही उचलली की फादर दिब्रिटो 2020 ला उस्मानाबादच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले.

आता इकडची गंमत. जर्मनीत आल्यावर पत्ता नोंदवायला गेलो. फॉर्मवर धर्माचा रकाना. मी इमाने इतबारे रोमन कॅथलिक लिहिलं. पहिल्या पगाराच्या चिठ्ठीत एक जास्तीची कपात. एचआरच्या बाईंना विचारलं तर म्हणाल्या, हा चर्चचा कर. आयकराच्या 8 टक्के आमच्या राज्यात, बहुतेक ठिकाणी 9. सरकार कापून घेतं आणि चर्चला देतं. वसईत रविवारच्या थाळीत नाणी टाकताना डावीकडे-उजवीकडे बघणारे आम्ही!

बरं, एवढा पैसा असलेलं चर्च. रविवारी गेलो तर बाकावर पांढऱ्या केसांची पंचवीस-तीस डोकी. आणि वेदीवर कोण? केरळचे फादर. तीन गावांतल्या चर्चचं काम एकटे बघतात, गाडी घेऊन फिरत असतात. मिस्सा संपल्यावर मला बघून सरळ हिंदीत म्हणाले, 'जेवलात का?' जर्मनीत, इटलीत भारतीय फादर आणि सिस्टर आता सर्रास दिसतात. पैसा जर्मन, माणूस मलयाळी. वाटसरू म्हणतात तसा निर्णय कोणाचा? बिशपचा. आणि बिशप जर्मन.

---

सांजवेळ

हे फारच भारी. म्हणजे दीडशे वर्षांनी उलटं चक्र: त्यांच्याकडे पाद्री कमी पडतात आणि आपण पुरवतो. याला 'उलटं मिशन' म्हणतात ना?

---

कादोडी_बोल

म्हणतात, पण मला ते पटत नाही. आमचे फादर कुणा जर्मनाला ख्रिस्ती करायला गेलेले नाहीत. अंत्यविधी, आजाऱ्यांच्या भेटी, बाप्तिस्मा, परत अंत्यविधी. रिकाम्या जागा भरायला बोलावलेला माणूस तो. लंडनमधल्या नायजेरियन चर्चना ते नाव शोभतं, ती मंडळी खरंच ब्रिटनला सुवार्ता सांगायला निघालीत. पण तिथेही बाकांवर बसलेले बहुतेक नायजेरियनच असतात असं म्हणतात. गोऱ्याच्या दारात जाऊन त्याला ऐकायला लावणं अजून जमलेलं नाही.

---

वाटसरू_दौंड

यावरून एडिंबरा आठवलं. 1910 ची जागतिक मिशनरी परिषद. बाराशेच्या आसपास प्रतिनिधी, त्यांत आशियातले बोटांवर मोजण्याएवढे. तमिळनाडूतले व्ही. एस. अझरिया बोलायला उभे राहिले. तुम्ही गरिबांना आपलं धन दिलंत, आपली शरीरं जाळायला दिलीत, आता आम्हाला मित्र द्या, असा त्यांच्या भाषणाचा शेवट. मिशनरी साहेब इथल्या सहकाऱ्याशी हात मिळवतो पण जेवायला बोलावत नाही, हे त्यांचं दुखणं. सभेत बऱ्याच जणांना ते झोंबलं. दोन वर्षांनी ते दोर्नकलचे बिशप झाले, अँग्लिकन चर्चचे पहिले भारतीय बिशप.

तेव्हा जगातले बहुसंख्य ख्रिस्ती युरोप-अमेरिकेत राहत होते. आज बहुसंख्य आफ्रिका, आशिया, लॅटिन अमेरिकेत आहेत. 2024 साली लोझान या सुवार्तावादी चळवळीची चौथी जागतिक परिषद कोरियात इंचॉनला भरली. डोकी सरकली. तिजोरीच्या किल्ल्या अजून बऱ्याचशा जुन्याच खिशात आहेत.

---

रोखठोक_काका

किल्ल्यांचं निघालंच आहे तर सरकारने 2020 ला परदेशी देणग्यांचा कायदा (एफसीआरए) कडक करून त्याच किल्ल्या आवळल्या, तेव्हा हीच मंडळी ओरडत होती. निर्णय इथल्या माणसाने घ्यावा असं वाटत असेल तर पैसाही इथलाच हवा. आणि 'मिशन बदललं' म्हणता, तर 2018 ला तो अमेरिकन तरुण अंदमानातल्या सेंटिनेल बेटावर बायबल घेऊन उतरला ते काय होतं? कायद्याने बंदी असलेल्या बेटावर, ज्यांना साधी सर्दी झाली तरी जीव जाईल अशा लोकांत!

---

सांजवेळ

सेंटिनेलबाबत काकांशी शंभर टक्के सहमत. तो मूर्खपणा होता आणि अनेक ख्रिस्ती मंडळींनीही तसं म्हटलं.

एफसीआरएबाबत मात्र थोडं सांगते, कारण मी लहान न्यासांचे हिशेब बघते (सगळ्या धर्मांचे, सगळ्या प्रकारचे). 2020 च्या दुरुस्तीने मुख्य तीन गोष्टी केल्या. परदेशी देणगी फक्त दिल्लीच्या स्टेट बँकेच्या मुख्य शाखेतल्या खात्यात घ्यायची. प्रशासकीय खर्चाची मर्यादा 50 टक्क्यांवरून 20 वर. आणि सगळ्यात जाचक म्हणजे, आलेली देणगी दुसऱ्या संस्थेला देता येत नाही, तिच्याकडे नोंदणी असली तरी.

याचा फटका बड्यांना कमी बसला. त्यांच्याकडे सीए आहेत, वकील आहेत. मार खाल्ला तो खेड्यातल्या संस्थेने, जी मोठ्या संस्थेकडून दोन-चार लाख घेऊन वसतिगृह चालवायची. तिला परदेश कुठला, बोस्टन कुठलं, काही ठाऊक नसतं. 20 टक्क्यांत तिथल्या लेखनिकाचा पगारही बसवावा लागतो, विजेचं बिलही. एका ठिकाणी मी बघितलं, संगणक बंद पडला तर दुरुस्तीचा खर्च कुठल्या सदरात टाकायचा यावर दोन बैठका झाल्या. काका, इथला पैसा हवा हे बरोबर आहे. पण मराठी ख्रिस्ती मंडळी बहुतेक नोकरदार नाहीतर शेतमजूर. दशमांश (उत्पन्नाचा दहावा हिस्सा) देऊन देऊन किती देणार?

---

मिरजमळा

अवांतर होईल, पण आमच्या मिरजेत वानलेस डॉक्टरांनी 1894 ला दवाखाना सुरू केला. त्यांच्या नावाने वानलेसवाडी आहे. आजोबांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन तिथेच झालं होतं, ख्रिस्ती कुणी झालं नाही घरात. एवढंच.

---

नवी_पालवी

मी इथली बहुधा सगळ्यात लहान, म्हणून वेगळंच सांगते. आमच्या चर्चमध्ये (पुणे, सीएनआय म्हणजे चर्च ऑफ नॉर्थ इंडिया) सकाळच्या उपासनेला 'उपासना संगीत'मधली गाणी असतात. पेटी, तबला, टाळ. टिळकांची पदं म्हणताना आजी डोळे मिटते. संध्याकाळच्या तरुणांच्या सभेला कीबोर्ड, ड्रम, पडद्यावर हिंदी आणि इंग्रजी ओळी, सगळी यूट्यूबवरून घेतलेली. सिडनीत जे गाणं वाजतं ते सहा महिन्यांत आमच्याकडे वाजतं, तीच कॉर्ड, हात वर करायची जागासुद्धा तीच.

मला ती गाणी आवडतात, खोटं कशाला बोलू. पण आजीला 'आज काय म्हटलंत' विचारलं तर एक ओळ सांगता येत नाही मला तिच्या भाषेत. निर्णय कोणाचा हा प्रश्न इथे लावायचा तर उत्तर आहे: कोणाचाच नाही. यूट्यूबने पुढचं गाणं लावलं, आम्ही गायलं.

आणि ते चमत्कारवाले प्रचारक! मोबाइलवर हात ठेवा, प्रार्थना होईल, खाली क्यूआर आहे. माझ्या मावशीने नोकरी गेली तेव्हा तीन महिने तिकडे पैसे पाठवले. स्वतःच्या मंडळीत (चर्चच्या सभासदांत) मात्र कुणाला सांगितलं नाही की घरात पगार नाही.

---

नगरी

नवी_पालवी, हे लिहिलंस ते बरं झालं. क्यूआरवाल्यांनी आमच्याकडेही धुमाकूळ घातलाय. त्यांच्यामुळे सगळ्यांवर संशय येतो, आणि पोलीस पाटील विचारायला येतो तो मात्र सव्वाशे वर्षं जुन्या मंडळीकडे. कारण तिला पत्ता आहे.

---

चहाबाज

वाटसरू, एक शंका. केडगावच्या त्या मुलींचं पुढे काय झालं? पत्रकं जगभर गेली, मुली कुठे गेल्या?

---

वाटसरू_दौंड

काहींची लग्नं झाली, काही शिक्षिका झाल्या, सुवार्तेच्या कामाला गेल्या. बऱ्याच तिथेच राहिल्या. विणकाम, तेलाचा घाणा, गोठा, छापखाना, सगळं बायका चालवत. त्यातलं छापखान्याचं प्रकरण मला चिले इतकंच मोठं वाटतं. रमाबाईंनी मूळ हिब्रू-ग्रीकवरून साध्या मराठीत अख्खं बायबल भाषांतरित केलं, खेड्यातल्या बाईला कळेल अशा. खिळे जुळवणाऱ्या, मुद्रितं तपासणाऱ्या, छापणाऱ्या या दुष्काळातून आणलेल्या मुली. काहींना त्यासाठी हिब्रू-ग्रीक शिकवलं. ज्यांना बालपणी अक्षर दिसलं नव्हतं! नवा करार 1913 ला निघाला. बाई 1922 च्या एप्रिलमध्ये गेल्या, मुलगी मनोरमा त्याच्या आदल्या वर्षीच गेली होती. पूर्ण बायबल 1924 ला बाहेर पडलं.

काका, तुमचा 'मुलींचा निर्णय कुठे होता' हा प्रश्न याने मिटतो असं मी म्हणत नाही.

---

रोखठोक_काका

मिटत नाहीच. हिब्रू शिकवलं हे कौतुकाचं, पण शिकून त्यांनी काय वाचायचं हे आधीच ठरलेलं होतं. बोस्टनच्या त्या धोरणाबद्दल मात्र मला माहीत नव्हतं. त्यावर वेगळा धागा काढा, तिथे सविस्तर भांडू.

---

चहाबाज

काढाच. आणि कादोडी_बोल, एक राहिलंच: तो 8 टक्के कर अजून भरता की रकाना बदलला?

---

कादोडी_बोल

भरतो. बाहेर पडायचं तर सरकारी कचेरीत जाऊन तसं लिहून द्यावं लागतं, वर त्याची फी. माझ्याबरोबरच्या एका गोव्याच्या पोराने दिलं लिहून, आणि आता लग्न ठरल्यावर गावच्या फादरना काय सांगायचं या चिंतेत आहे. आमचे केरळचे फादर पुढच्या महिन्यात सुटीवर गावी चाललेत, चारेक आठवड्यांसाठी बदली नायजेरियाचे फादर येणार आहेत. ते आल्यावर लिहितो.